निळ्याच्या खाली

—दमट हवेनं. दुसरं काय असणार? बसा ना, उभ्या का? ती खुर्ची नको, तिचा एक पाय दगा देतो, ही इकडची घ्या. तर, दमट हवेनं. मागच्या वर्षी वरच्या मजल्यावरच्यांचा नळ फुटला, तेव्हा ह्या कपाटामागची भिंत सबंध पाझरत होती, आणि फिल्मचा डबा त्याच कपाटात. हो, बघितले मी तुमचे फोटो—आई असताना तुमच्या संग्रहालयानं काढून नेले होते ते हे, आणि ही फिल्म आत्ता तुमच्यासमोर, उजेडाच्या पेटीवर. फरक दिसतोय मला. फोटोत हा निळा आकार कसा दाट आहे, दुधावर साय धरावी तसा, आणि आता त्याचे—काय म्हणालात? पोपडे. बरोबर शब्द आहे. आता तुम्ही विचाराल, लाल शाबूत, हिरवा शाबूत, पिवळ्याला धक्का नाही, मग दमट हवा एकट्या निळ्याच्याच मागं कशी लागली? तर त्यालाही उत्तर आहे. बाकीचे रंग फोटो स्टुडिओतले. आई तिथं काम करायची, काळ्यापांढऱ्या फोटोंना रंग भरायची—नवरीचे गाल, बाळाचं झबलं. ते रंग पाण्यासारखे पातळ, फिल्मच्या अंगात मुरतात. आणि हा निळा म्हणजे दारं-खिडक्यांना लावायचा तेलरंग. तो मुरत नाही, वर बसतो. आणि जे वर बसतं ते कधीतरी उठतं. पटलं ना? मग झालं तर. चहा टाकू?

नको? बरं. तुमचा प्रबंध वाचला मी, पाठवला होतात तो. खरं सांगू, निम्मा डोक्यावरून गेला. मी आपली भूगोलाची मास्तरीण. पण ह्या फिल्मबद्दल लिहिलंय ते दोनदा वाचलं. ‘हा निळा आकार कशाचाही नाही, तो केवळ लय आहे; तो पाहणाऱ्याच्या दिशेनं वाढत जातो आणि शेवटी सबंध पडदा गिळून टाकतो.’ छान लिहिलंय. आईला फार आवडलं असतं. ती तरी दुसरं काय सांगायची? कुणी विचारलं, हे काय काढलंय हो बाई, ढग की मासा, तर म्हणायची, कशाचंच नाही, नुसतं बघा. आमचा मामा एकदा बघायला बसला होता. दिवा लागल्यावर म्हणाला, ‘ताई, यंत्र चांगलं आहे तुझं, आता त्यात सिनेमा घाल.’ आई इतकी हसली की तिला ठसका लागला. तिला राग नाही यायचा. ह्याच टेबलावर बसायची ती, स्टुडिओतून आली की हात धुऊन थेट इथं. फिल्मची पट्टी समोरून सरकवत जायची आणि फ्रेममागून फ्रेम रंगवायची. कॅमेरा नाही, नट नाही, काही नाही. हा नखाएवढा चौकोन, त्यावर तीन केसांचा कुंचला, आणि रंगवलेली पट्टी त्या खिळ्यापासून ह्या खिळ्यापर्यंत कपड्यांच्या चिमट्यांनी टांगलेली. मी शाळेतून आले की वाकून, तिच्याखालून, आत जायचं. डोकं लागलं तर पाठीत धपाटा. महिनोन्‌महिने घालवायचे आणि पडद्यावर ते चहा निवायच्या आत संपायचं. आणि एक ताकीद असायची—पट्टी हातात धरून एकेक फ्रेम बघायची नाही. बघायचं तर चालवून. थांबलेल्या फ्रेमला ती मढं म्हणायची. म्हणून तुम्ही ते भिंग काढलंत ना मघाशी, तेव्हा मला जरा—असू दे. तुमचं कामच आहे ते.

अहो, हात नका लावू त्याला! भाजलं का? दाखवा. नाही ना? ते—उन्हानं तापतं. खिडकीशी आहे ना यंत्र, दुपारचं ऊन थेट—

बरं. पडदा ओढलेला आहे. खोलीत ऊन नाही. दिसतंय मला.

तुम्ही यायच्या आधी एकदा चालवली. एकदाच. तुम्ही पत्रात स्पष्ट कळवलं होतंत की कृपया आता फिल्म यंत्रावर चढवू नये, दर खेपेला रंग झिजतो, आणि मी ते समजले, मी काही अडाणी नाही. बंदच केलं होतं. पण म्हटलं, आज ही बाई येणार आणि घेऊन जाणार, तर एकदा निरोपाचं. बरं, काल पण. असं बघू नका हो माझ्याकडे. काल, परवा—रोज म्हणा ना. रोज चालवते मी. आता झालं समाधान? आणि ती बाटली बघताय तीही आता लपवण्यात अर्थ नाही. निळीच पूड आहे. यंत्राच्या फटीत साठते, मी मऊ कुंचल्यानं काढून घेते. टाकवत नाही. आईच्या हातचा रंग कचऱ्यात कसा टाकायचा? तुम्ही टाकला असतात?

तुम्हाला वाटत असेल म्हातारी भ्रमिष्ट झाली, आई गेली आणि हिचं डोकं फिरलं. तसं नाही ते. मी क्रमानं सांगते, म्हणजे कळेल. आई गेली त्यानंतर चार माणसं भेटायला आली होती, मामा होता, तिच्या स्टुडिओतल्या दोघी होत्या. कुणीतरी म्हणालं, तिचा तो सिनेमा लाव ना. लावला. सगळे आपले मान खाली घालून बसलेले, म्हणजे दुःखानं, सिनेमा बघायला नको म्हणूनही असेल—आणि निळा आकार यायला लागला, नेहमीसारखा, खालून, लहानसा. आणि त्याच्या खालच्या कडेला मला बूट दिसला. पुरुषाचा बूट, नाडीचा, आणि त्याच्याखाली खडी. पापणी लवायच्या आत गेला. कुणाच्या लक्षात आलं नाही. मी कुणाला बोलले नाही, पण मनात पाल चुकचुकली ती चुकचुकलीच. सगळे गेले, कपबश्या तशाच ठेवल्या, दार लावलं आणि पुन्हा चालवली. होता. बूट होता. तेव्हा माझ्या डोक्यात उजेड पडला, की आई कोऱ्या फिल्मवर रंगवत नव्हती. कोरी फिल्म तिला कुठून परवडणार होती? आधीच काहीतरी काढलेलं होतं त्या फिल्मवर, कुणीतरी चालत येत होतं, आणि त्याच्यावरून तिनं हा रंग दिला होता. तुमची ती लय, ती त्याच्या चालण्याची आहे, बाई. रागावू नका. तुमचं चुकलं असं नाही म्हणत मी. तिनं मलाही ताकास तूर लागू दिली नव्हती आणि मी तिच्या पोटची होते.

कोण म्हणजे? माझे वडील. दुसरं कोण असणार?

नाही, ओळखलं कसं हा प्रश्न बरोबर आहे, मीही विद्यार्थ्यांना हेच विचारत आले, आधार काय, पुरावा काय. मी त्यांना बघितलेलं नाही. म्हणजे बघितलं असणार, पण मी रांगत होते तेव्हा ते गेले. गेले म्हणजे निघून गेले, घरातनं. त्यांचा एक फोटो नाही ह्या घरात. फोटो स्टुडिओत काम करणारी बाई, आणि नवऱ्याचा एक फोटो नाही! जे होते ते तिनं चुलीत घातले, असं आत्या सांगायची. आत्या म्हणजे त्यांची बहीण, त्या बाजूनं ती एकटीच येत राहिली, आई घरात नसताना यायची, मला खाऊ द्यायची आणि माझ्या तोंडाकडे बघत बसायची. ‘नाक त्याचं घेतलंस गं,’ म्हणायची, ‘आणि तो चालायचा कसा माहितीय? जमीन तापल्यासारखा. टाच टेकायचीच नाही.’ आणि मग स्वतः चालून दाखवायची, ह्या खोलीत, ह्या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत, एवढी थोराड बाई, चवड्यावर. मी खिदळायची. माझे वडील म्हणजे माझ्यासाठी एवढंच—जाडजूड आत्या, चवड्यावर चालताना. आता तीही नाही. आणि तो पडद्यावरचा बूट, त्याची टाच टेकत नाही. झालं समाधान? हाच पुरावा. आणि कॅमेरा कुणाच्या हातात असेल? स्टुडिओच्या मालकाचा कॅमेरा आई कधीमधी घरी आणायची, तेवढं मला माहिती होतं. म्हणजे तो कॅमेऱ्याकडे चालत येत नव्हता. आईकडे चालत येत होता.

मग मी काय करायला हवं होतं, तुम्हीच सांगा. डबा बंद करून ठेवायला हवा होता? तू ठेवला असतास? अगं, तू म्हणते हं मी, माझ्या मुलीच्या वयाची आहेस. मी आरशात माझं नाक बघत म्हातारी झाले. आणि इथं, ह्या खोलीत, एक बोटभर रंगाच्या मागं सबंध माणूस चालतोय.

खरवडून का नाही काढलं! हे असं तू म्हणू शकतेस? तूच ना पत्र पाठवलं होतंस, जपा म्हणून? आईनं एकेक ठिपका दिलाय, डोळे फोडून, आणि मी त्यावर नख चालवू? माझ्या हातून नाही होणार ते. मी कधीच खरवडलं नाही. मी फक्त यंत्र चालवते. फिल्म चालवण्यासाठीच असते, आईच म्हणायची. चालताना जे पडतं ते आपणहून पडतं, त्यात माझा हात नाही. माझा हात फक्त बटणावर.

हं. ऐकलं मी स्वतःला.

आणि थोडंच पडतं गं एका वेळी. एखाद्या फ्रेममधला टवका, कधी नुसती कड. पण फ्रेमा किती असतात बघ, आणि डोळा सगळं एकमेकांवर रचत जातो. आधी सावली दिसायला लागली. खडीवर लांबच लांब सावली, ती आधी येते, मग बूट. मग विजारीची घडी, म्हणजे इस्त्री केलेली होती, कुणी केली असेल? मग एक हात. हा हात मला फार आवडतो. तो असा वर येतो, तळवा पुढं, हसत हसत कुणाला म्हणावं ना, पुरे गं, नको काढूस. म्हणजे मला वाटतं तो हसत असावा. हात तसा आहे. हसणाऱ्या माणसाचा. मग सदऱ्याची कॉलर, तिचं एक टोक दुमडलेलं. ते दुमडलेलं टोक नीट करावंसं वाटतं, हात पुढं होतो माझा, पडद्यापर्यंत. आणि एक सांगते, हसू नकोस, दर खेपेला तो थोडा जास्त जवळ येतो. फिल्म तीच आहे, तेवढीच आहे, मला कळतं. पण काल तो त्या कपाटापर्यंत आला होता. आणि संपल्यावर, रीळ संपता संपता, पडदा कोराच होतो. तुझ्या फोटोत तिथं सगळा निळा आहे बघ, तुझं ते गिळणं वगैरे, पण रिळाचं टोक जास्त हाताळलं जातं ना, तिथला सगळाच झडून गेलाय, नुसता पांढरा लखलखीत उजेड उरतो. त्या उजेडात मी बसून राहते. तेव्हा खोलीत मी एकटी नसते. भीती नाही वाटत तशी. मानेवरचे केस उभे राहतात, एवढंच. मी बोलतेसुद्धा. शाळेतलं काहीबाही सांगते.

चेहरा? चेहऱ्याचंच तर राहिलंय. म्हणून तर तुला विनवते आहे. डोक्याच्या जागी निळा बराच झडलाय, पण चेहऱ्यावर कडक ऊन पडलेलं आहे, पांढराफटक दिसतो, डोळे नाही सापडत. कुठंतरी एखाद्या फ्रेमला मान वळलेली असेल, हाताची सावली तोंडावर आली असेल. दोनचार वेळा आणखी चालवली तर सापडेल. तू घेऊन गेलीस तर तुम्ही काय करणार ते मला माहिती आहे, वाचलंय मी. काहीतरी पातळ थर देणार, निळा आहे तिथं पक्का बसवून टाकणार, थंड खोलीत ठेवणार. बरोबरच आहे तुमचं. पण मग तो त्याच्याखाली कायमचा. म्हणून म्हणते, एकदा. तू समोर असताना एकदा चालवू, मग ने. तुझ्यासारखे तरणे डोळे असतील तर सापडायचाही. तो दुसरा पडदाही ओढ बघू, कोपऱ्यातून उजेड येतोय.

काय गं, ऐकतेस ना? मघापासून त्या एकाच जागेवर भिंग धरून बसली आहेस. काय आहे तिथं?

डोकंच आहे ना ते? ऊन आहे, सांगितलं ना. कडक ऊन असलं की फिल्मवर असं पांढरं—

हो. सावली आधी येते. मग बूट. मीच म्हणाले, आत्ताच तर म्हणाले. का विचारतेस?

थांब. बोलू नकोस जरा. सावली पुढं. म्हणजे त्याच्या पुढं. म्हणजे ऊन पाठीमागं. जन्मभर फळ्यावर हेच काढलं मी, इकडं दिवा, मधे चेंडू, सावली पलीकडं, दुसरीतल्या पोरालाही येतं. ऊन पाठीमागं असलं तर तोंड काळवंडलेलं हवं. मग पांढरं काय आहे ते?

ओरखडे यंत्राचे असतात, माहिती आहेत मला, उभे, लांबलचक, पावसासारखे. हे तसे नाहीत? मग कसे?

गोल.

गोल गोल, एकाच जागी. टोकदार कशानं तरी. आणि एकाच फ्रेमला, की—सगळ्यांना. आणि जिथं निळा अजून आहे, जिथं माझ्या हातून काही पडलेलं नाही, तिथंही? त्याच्याखाली? दे ते भिंग. नको. नको, तूच बघ. पुढं सरकव पट्टी, शेवटाकडे, तो जवळ येतो तिथं. हात आहे? हात ठेवलाय तिनं. कॉलर ठेवली आहे. नुसतं तोंड तेवढं खरवडलंय. आणि तो जसजसा मोठा होतो तसतसं हेही मोठं—आणि अगदी शेवटी, जिथं पडदा भरून—

म्हणजे ती फिल्म संपलेली नव्हती. मी ज्या उजेडात बसत होते, ते त्याचंच तोंड होतं.

म्हणजे आधी हे केलं तिनं. आधी हे, एकेका फ्रेमला, आणि मग निळा. मला वाटलं होतं, त्याला लपवायला लावला असेल. लपवायला काही उरलंच नव्हतं. मग कशाला लावत बसली असेल गं? इतका दाट, इतका जपून, कडेच्या बाहेर एक केस नाही गेलेला. रागानं माणूस असा रंग लावत नाही. मी वाकून आत यायची, आणि ती इथं बसून—गप्प बस. मला काही सुचवू नकोस. तुला काय माहिती.

एक विचारू? जेवढा उरलाय तेवढा निळा—तो पडायचा थांबवता येईल ना? नक्की? आता, पट्टी गुंडाळतानाच पडणार नाही ना? सावकाश गुंडाळा. सावकाश. कडेनं धरा.

हं. मग न्या तुम्ही. डबा आडवाच असू द्या हातात, उभा नका धरू. तुमचे फोटोही उचला टेबलावरून, मला नकोत इथं. पडदे राहू देत ओढलेले. मी दारापर्यंत येत नाही, जिन्याचा कठडा एका जागी सुटलाय, भिंतीच्या बाजूनं उतरा. आणि बाई, तिथं नेल्यावर मोठ्या यंत्राखाली काही दिसलं, एखाद्या फ्रेममध्ये तिचा हात चुकला असला, काही राहून गेलं असलं, तरी मला कळवायचं नाही.

जा आता.